आवाज वाढवायला पैसे आहेत, आवाज जपायला नाहीत

मंडळी, पोस्ट मोठी आहे. चहा घेऊन बसा, पण शेवटपर्यंत वाचा. आणि वाचून झाल्यावर शिव्या द्यायच्या असतील तर इथंच खाली द्या, इनबॉक्समध्ये नको. सगळ्यांना दिसू द्या.

गेल्या आठवड्यात पुतण्या पुण्याहून आला होता. आयटीत आहे. त्याच्या बॅगेत काडेपेटीएवढी एक डबी होती, तिला डॅक म्हणतात, आणि एक जाडजूड वायरचा हेडफोन. म्हणाला, "काका, सैराटची गाणी तुम्ही किती वेळा ऐकलीत?" म्हटलं, "मोजली नाहीत बाबा. २०१६ साली तर ऐकायची नसली तरी ऐकावीच लागायची." तो म्हणाला, "मग आज पहिल्यांदा ऐका."

जेवणं झाली होती. दार लावलं, पंखा बंद केला आणि बसलो. चार गाणी, एकवीस मिनिटांच्या आसपासचा अल्बम. 'याड लागलं' सुरू झालं आणि खरं सांगतो, मी हेडफोन काढून एकदा पुतण्याकडे बघितलं. दहा वर्षं जो एक गोळा ऐकत होतो, तो सुटा झाला होता. व्हायोलिनचा ताफा एका बाजूनं येतोय, मागं कुठंतरी खोल पितळी वाद्यं आहेत, अजय गोगावले ओळ संपवताना श्वास घेतो तो श्वाससुद्धा कळतोय. मोबाईलच्या स्पीकरवर, रिक्षात, एसटीत, लग्नाच्या मांडवात हे सगळं कधी ऐकलंच नव्हतं. गाणं ऐकलं होतं, गाण्यातली माणसं ऐकली नव्हती.

आणि ही माणसं थोडीथोडकी नाहीत. सैराटचं वाद्यवृंदाचं रेकॉर्डिंग अमेरिकेत, हॉलिवूडच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर झालं. साठपेक्षा जास्त वादक एका खोलीत बसवून. मोठमोठ्या इंग्रजी सिनेमांचं संगीत जिथं रेकॉर्ड होतं, त्याच जागेत. करमाळ्याच्या मातीतली गोष्ट, मराठी गाणी आणि तिकडचे वादक. अजय-अतुलनी हट्टानं ते केलं.

आता हे अजय-अतुल कोण? वडील महसूल खात्यात, बदलीची नोकरी. त्यामुळे या दोघांचं लहानपण जुन्नर, घोडेगाव, शिरूर, राजगुरुनगर अशा गावांत गेलं. म्हणजे आपल्या दोन्ही तालुक्यांच्या गावांचं पाणी प्यालेली ही पोरं. त्यांचे कान कुठं तयार झाले असतील, कुठल्या जत्रेत आणि कुठल्या मांडवात, ते तुम्हीच ठरवा.

तर तिसरं गाणं चालू असताना बाहेरून वरात आली. डीजे. खिडकीच्या काचा थरथरायला लागल्या, स्टीलच्या मांडणीतली भांडी वाजायला लागली. हेडफोनमध्ये काय चाललंय ते मला ऐकू येईना. आणि बाहेर काय वाजत होतं? 'झिंगाट'. त्याच अल्बममधलं. कानात 'सैराट झालं जी' आणि छातीत 'झिंगाट', ते पण असं की ओळखायला फक्त ठोका उरला होता. गाण्याची चाल मी आठवणीनं भरून काढत होतो.

पुतण्या हसला. मला हसू आलं नाही.

आता थोडी तांत्रिक माहिती, सोप्या भाषेत. सीडीवर जे संगीत असतं त्यात दर सेकंदाला ४४,१०० वेळा आवाजाचं माप घेतलेलं असतं, डाव्या-उजव्या दोन्ही बाजूंचं. ते सगळं जसंच्या तसं साठवलं तर सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट लागतात. म्हणजे पाच मिनिटांच्या गाण्याला पन्नास एमबीच्या वर. इंटरनेट महाग होतं, मेमरी कार्डं लहान होती, तेव्हा हे परवडायचं नाही. म्हणून एमपीथ्री आली. १२८ किलोबिटची एमपीथ्री म्हणजे त्याच गाण्याचा साधारण अकरावा हिस्सा, पाच एमबीच्या आतबाहेर. मोबाईलच्या दुकानात वीस रुपयांत कार्ड भरून मिळायचं, आठवतंय? त्यात हेच असायचं.

उरलेले दहा हिस्से कुठं गेले? फेकले. हिशोब करून फेकले. मोठ्या आवाजाच्या शेजारचा लहान आवाज माणसाच्या कानाला तसाही नीट कळत नाही, या तत्त्वावर यंत्र ठरवतं की काय ठेवायचं आणि काय टाकायचं.

लॉसलेसमध्ये काही टाकत नाहीत. नारायणगावच्या टोमॅटो मार्केटच्या भाषेत सांगतो. लॉसलेस म्हणजे माल क्रेटमध्ये घट्ट बसवून पाठवला. तिकडं क्रेट उघडला की प्रत्येक टोमॅटो तसाच्या तसा. एमपीथ्री म्हणजे इथंच सॉस करून बाटलीत पाठवला. चव लागेल, भूकही भागेल. पण त्या बाटलीतून पुन्हा टोमॅटो काढता येत नाही. आणि बी तर नाहीच नाही.

आता कंपन्यांनी याचा मोठा बाजार मांडलाय. अ‍ॅपलनं २०२१ मध्ये आपल्या संगीत सेवेत लॉसलेस दिलं, स्पॉटिफायनं २०२५ मध्ये सुरू केलं. पोरं मोठ्या हौसेनं ते चालू करतात आणि कानात ब्लूटूथची बोंडं घालतात. अरे बाबांनो, नेहमीच्या ब्लूटूथवर आवाज पुन्हा दाबूनच जातो. लॉसलेसला वायर लागते. क्रेट मुंबईपर्यंत नीट नेला आणि शेवटच्या गल्लीत सॉस केला, असा प्रकार.

आणखी एक प्रामाणिकपणे सांगतो, नाहीतर कमेंटमध्ये कुणीतरी मला पकडेल. चांगल्या दर्जाची, ३२० किलोबिटची एमपीथ्री आणि लॉसलेस यांतला फरक डोळे मिटून ओळखायला सांगितला तर बहुतेकांना ओळखता येत नाही. मलाही येणार नाही. माझं वय चाळिशीच्या पुढं, वरच्या पट्टीतले बारीक आवाज कान आता सोडायला लागलेत. त्या रात्री मला जे सापडलं त्यात फाईलपेक्षा वायरच्या चांगल्या हेडफोनचा, बंद पंख्याचा आणि एका जागी गप बसण्याचा वाटा जास्त होता. हे मान्य.

मग लॉसलेसचा उपयोग काय? उपयोग आहे, पण तो ऐकण्यापेक्षा जपण्यासाठी आहे. आणि तिथंच आपलं पितळ उघडं पडतं.

कारण वरात पुढं गेल्यावर मी पुतण्याला म्हटलं, "आता विठाबाई लाव." तो म्हणाला, "कोण विठाबाई?" त्याचा दोष नाही, शिकायला बाहेरच होता. त्याला सांगितलं. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर. आपल्या नारायणगावचं नाव ज्या बाईनं महाराष्ट्रभर नेलं ती. १९५७ आणि १९९० असा दोनदा राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान झालेली. दिवस भरलेले असताना बोर्डावर नाचली, मध्येच आत जाऊन बाळंत झाली आणि परत बोर्डावर उभी राहिली, ती. २००२ च्या जानेवारीत गेली, शेवटचे दिवस हलाखीत काढून. आता तिच्या नावानं राज्य सरकार जीवनगौरव पुरस्कार देतं.

पुतण्यानं शोधलं. जे सापडलं ते कुणीतरी जुन्या कॅसेटवरून मोबाईलवर घेतलेलं, मोबाईलवरून दुसऱ्याला पाठवलेलं, तिथून यूट्यूबवर चढवलेलं. प्रत्येक पायरीला पुन्हा दाबलेलं. घरघर, शीळ, त्यात लांबून येणारा एक बाईचा आवाज. मी म्हटलं, "याला नीट करता येत नाही का तुमच्या त्या सॉफ्टवेअरनं?" तो म्हणाला, "काका, घरघर कमी करता येईल. पण जे टाकलं गेलंय ते परत येत नाही. सॉसचा टोमॅटो होत नाही, तुम्हीच म्हणालात ना?"

एवढंच बोलला. मला रात्री झोप आली नाही.

दुसऱ्या दिवशी एका जुन्या ढोलकीवाल्यांकडे गेलो. नाव लिहीत नाही, त्यांना आवडणार नाही. सगळे मामाच म्हणतात. तीस-पस्तीस वर्षं फडात वाजवलं, आता हात थरथरतो. मामांना विचारलं, तुमचं वाजवणं कुठं रेकॉर्ड आहे का? त्यांनी नातवाचा मोबाईल मागवला. त्यात एका यात्रेतली दोन मिनिटांची क्लिप. कुणीतरी प्रेक्षकांतून काढलेली. शिट्ट्या, भोंग्याची फाटलेली किरकिर आणि ढोलकीच्या जागी नुसती टकटक. मामांनी कानाशी धरून ऐकली आणि परत दिली. म्हणाले, "आवाज हाय रं ह्यात, पण ढोलकी न्हाय."

बघा, ढोलकीचा सगळा जीव दोन टोकांना असतो. एका पुडीचा खालचा घुमारा आणि दुसऱ्या पुडीवरचं ते बारीक, धारदार बोट. मोबाईलचा माईक खालचं घेत नाही आणि दाबलेली फाईल वरचं ठेवत नाही. म्हणजे मामांनी पस्तीस वर्षं जे कमावलं, नेमकं तेच गेलं. मधला ठोका राहिला. ठोका तर काय, डीजेतही असतो.

आता माझा मुद्दा. सैराटला लॉसलेसची काळजी नाही. त्याची मूळ रेकॉर्डिंग सांभाळायला कंपनी आहे, त्यात पैसा आहे. उद्या नवीन तंत्र आलं तर त्यातही ती गाणी येतील. ज्याला गरज आहे ते तुमच्या-माझ्या गावात आहे आणि ते दरवर्षी थोडं थोडं मरतंय. 'नटरंग'मधल्या लावण्या आपण २०१० पासून झकास आवाजात ऐकतोय. त्याही अजय-अतुलच्याच. पण नटरंग ज्या तमाशाची गोष्ट सांगतो, तो तमाशा ज्या गावाच्या नावानं ओळखला जातो, त्या गावात एका रात्रीचंसुद्धा नीट रेकॉर्डिंग मागितलं तर मिळत नाही. मी आठवडाभर विचारत फिरलो. फोटो मिळाले, हँडबिलं मिळाली, बिदागीच्या वह्या मिळाल्या. गण, गवळण, बतावणी, वग, असा सगळा खेळ ओळीनं, स्वच्छ आवाजात? नाही.

मग विचारा स्वतःला, पैसे नव्हते म्हणून का? खोटं बोलू नका.

आपल्या यात्रा कमिटीच्या वर्गणीचा हिशोब देवळाच्या भिंतीला लावतात. या वर्षी उभं राहून नीट वाचा. मिरवणुकीचा डीजे, लाईट, जनरेटर यांच्यापुढचा आकडा बघा. मग तमाशाच्या सुपारीचा आकडा बघा. आणि मग असा एखादा आकडा शोधा जो काहीतरी जपण्यासाठी खर्च झाला. माझ्या गावात तो सापडला नाही. तुमच्या गावात सापडला तर फोटो काढून कमेंटमध्ये टाका, मी जाहीर सत्कार करतो.

डीजेवाल्या पोरांवर माझा राग नाही. कर्ज काढून टेम्पो आणि स्पीकर घेतलेत, हप्ते भरतात. राग आहे तो सुपारी देणाऱ्यावर. कायदा काय सांगतो? २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार निवासी भागात दिवसा ५५ डेसिबल आणि रात्री ४५. रात्री दहा ते सकाळी सहा लाऊडस्पीकर बंद. वर्षातले जास्तीत जास्त १५ दिवस राज्य सरकार बारापर्यंत सूट देऊ शकतं. आणि शरीर काय सांगतं? ८५ डेसिबलच्या आवाजात आठ तास, ही कामगारांसाठी सुरक्षित मानलेली मर्यादा. त्याच्यावर दर तीन डेसिबलला वेळ निम्मा होतो. १०० डेसिबलला फक्त पंधरा मिनिटं उरतात. वरातीपुढं नाचणारं पोरगं पंधरा मिनिटांत घरी जातं का? त्या भिंतीसमोर दोन-तीन तास उभं राहणाऱ्या आपल्या पोरांच्या कानांत पुढं काही उरणार आहे का, की लॉसलेसचा खर्च तसाही वायाच जाणार?

यातला अन्याय असा की रात्री दहाचा नियम तमाशाला कडक लागतो. वग रंगात आला की घड्याळ दाखवलं जातं, असं फडमालक वर्षानुवर्षं बोलून दाखवतात. तंबू एका जागी उभा असतो, सापडतो. डीजेचा टेम्पो चालता असतो, पुढच्या गल्लीत निघून जातो.

एक गंमत सांगतो. आपल्या खोडदला जीएमआरटी आहे. ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेना. शाळेच्या सहलीला आपण सगळे जाऊन आलोय, २८ फेब्रुवारीच्या विज्ञान प्रदर्शनाला अजूनही गर्दी होते. ती दुर्बीण इथंच का बसली? डॉ. गोविंद स्वरूप आणि त्यांच्या सहकाऱ्यांना अशी जागा हवी होती जिथं माणसानं केलेला रेडिओ लहरींचा गोंगाट कमी आहे आणि डोंगरांचा आडोसा आहे. ती जागा त्यांना आपल्या तालुक्यात मिळाली. तो गोंगाट कानाला ऐकू येणारा नव्हे, रेडिओ लहरींचा, हे माहीत आहे मला. पण गोष्ट बघा. अब्जावधी वर्षांपूर्वी निघालेला, जवळजवळ विझलेला एक इशारा पकडायचा, नोंदवायचा आणि पुढच्या अभ्यासासाठी साठवून ठेवायचा, हे काम आपल्या टोमॅटोच्या रानांच्या मधोमध चालतं. आणि त्याच रानांतून फर्लांगभर चाललं की ज्या घरात साठ वर्षांची लावणी पाठ असलेली म्हातारी बसलीये, तिचा आवाज नोंदवायला आपल्याकडे कुणी नाही. आकाशातला आवाज राहिला, अंगणातला गेला.

आता काही जण म्हणतील, तमाशाला कसला आलाय लॉसलेस? लोक शिट्ट्या मारायला जातात. हे वाक्य मी चार सुशिक्षित लोकांच्या तोंडून ऐकलंय. त्यांना माझं उत्तर स्पष्ट आहे. शास्त्रीय गाण्याची मैफल असली की तुम्ही म्हणता, रेकॉर्डिंग झालं पाहिजे, ठेवा आहे. झालंच पाहिजे, माझं दुमत नाही. मग तमाशालाच ठेवा म्हणताना जीभ का अडखळते? गाणारी, नाचणारी, वाजवणारी माणसं कुठल्या वाड्यावस्त्यांतून आली ते आपल्याला माहीत आहे. भाऊ-बापू मांग नारायणगावकर, फडाच्या नावातच जात लिहिलेली आहे. त्यांनी ती लपवली नाही. आपण मात्र त्यांची कला रात्री बघितली आणि सकाळी विसरलो. कुणाचा आवाज जपायचा आणि कुणाचा वाऱ्यावर सोडायचा, हे यंत्रानं ठरवलेलं नाही, आपण ठरवलंय. एमपीथ्री परवडली. ती निदान कान बघून टाकते, जात बघून नाही.

आणि हे होऊ शकत नाही असं नाही. आपल्याच पुणे जिल्ह्यात झालंय. हेमा राईरकर आणि गी पॉईतवँ या दोघांनी जात्यावरच्या ओव्या गोळा करायला सुरुवात केली. खेड्याखेड्यातल्या बायकांकडे बसून, एकेक ओवी लिहून घेत. लाखाच्या वर ओव्या जमल्या. पुढं बर्नार्ड बेल यांच्या साथीनं शंभराहून जास्त तासांचं रेकॉर्डिंग झालं, तेही त्या काळातल्या डिजिटल टेपवर, जपून. आज 'पारी' या संकेतस्थळावर त्या ओव्या बाईच्या नावासकट, गावासकट ऐकता येतात. जातं गेलं, दळण गेलं, पण आवाज राहिला. कारण कुणीतरी वेळेवर माईक धरला. त्या बायकांना कुणी विचारलं नाही की तुझ्या ओवीला कसला आलाय ठेवा.

मग आपण काय करायचं? नुसतं रडगाणं गायला मी ही पोस्ट लिहिलेली नाही. खर्चासकट सांगतो.

तमाशाच्या एका रात्रीचं रेकॉर्डिंग करायचं. गायिका, ढोलकी, हलगी, पेटी, तुणतुणं, सोंगाड्या, असे आठ माईक, प्रत्येकाचा आवाज वेगळा, भोंग्यात जायच्या आधीच पकडलेला. लॉसलेस, चांगल्या दर्जात. चार तासांचा खेळ धरला तर सगळं मिळून साधारण १७ जीबी होतं. म्हणजे ३२ जीबीचं एक साधं मेमरी कार्ड. तुमच्या मोबाईलमधल्या गुड मॉर्निंगच्या फोटोंना याच्यापेक्षा जास्त जागा लागते. रेकॉर्डर आणि माईक एकदाच घ्यायचे, दोन्ही तालुक्यांत मिळून एक संच पुरे. तो संच म्हणजे फार तर दोन-चार मोठ्या मिरवणुकांच्या डीजेचा खर्च. चालवायला पोरं आपल्याकडेच आहेत. जी पोरं डीजेचा मिक्सर डोळे मिटून लावतात, त्यांना हे शिकायला चार दिवस लागतील.

वेळ पण आत्ताचीच आहे. गुढीपाडवा तोंडावर आलाय. नारायणगावात फडांच्या राहुट्या लागतील. गावोगावच्या कमिट्या सुपारी द्यायला येतील. तमाशा पंढरी म्हणून पेपरात फोटो छापून येतील, मीही बातमी देईन, दरवर्षी देतो. यंदा जुन्नर-आंबेगावातल्या फक्त पाच कमिट्यांनी ठरवावं की आमच्या गावच्या खेळाचं रेकॉर्डिंग होईल. पाच गावं, पाच रात्री. एवढंच. आमदार, खासदार, जिल्हा परिषद यांच्याकडे मागणी मी स्वतः लेखी देणार आहे, पण त्यांची वाट बघत बसलो तर मामांचा हात थांबलेला असेल.

फडमालकांची एक शंका रास्त आहे आणि ती मी आधीच मांडतो. रेकॉर्डिंग झालं की कुणीतरी यूट्यूबवर टाकणार, पैसे तो कमावणार आणि आमच्या तंबूत माणूस येणार नाही. बरोबर आहे. म्हणून रेकॉर्डिंग फडाच्या मालकीचं राहील आणि कलावंतांच्या हक्काचं. कॉपीराइट कायद्यात कलाकाराला सादरीकरणावर ५० वर्षांचा हक्क आहे, हे कितीशा ढोलकीवाल्यांना कुणी सांगितलंय? लेखी करार व्हावा, बिदागी वेगळी मिळावी, परवानगीशिवाय एक मिनिटही बाहेर जाऊ नये. एक प्रत फडाकडे, एक गावाच्या वाचनालयात, एक जिल्ह्याबाहेर कुठल्यातरी मोठ्या संग्रहात. सोबत कागद. कोण गायलं, कोण वाजवलं, तारीख, गाव. नाव नसलेलं रेकॉर्डिंग म्हणजे बेवारस मूल.

आणि कोरोनाच्या दोन वर्षांत यात्रा बंद होत्या तेव्हा या फडांवर काय वेळ आली ते आपण बघितलंय. कुणी मजुरीला गेलं, कुणी पेटी विकली. तेव्हा आपण हळहळलो, किराण्याचे किट वाटले, फोटो काढले. ते ठीक. पण त्या काळात जे म्हातारे कलावंत गेले त्यांच्याबरोबर चाली गेल्या, सवालजवाब गेले, वग गेले. कुठंही लिहिलेले नव्हते. किट देऊन ते परत येत नाहीत.

परवा मामांना विचारून आलोय. म्हटलं, "मामा, माईक लावला तर वाजवाल का?" हाताकडं बघत म्हणाले, "पहिल्यावानी न्हाय व्हायचं. पण नातवाला बोट दावीन. त्यो वाजवंल, म्या सांगंन. घ्या लिहून." मग थांबून म्हणाले, "पर यंदाच या. पुढल्या सालचं काय सांगावं."

मंडळी, सैराट जरूर ऐका, वायर लावून ऐका, पंखा बंद करून ऐका. आपल्याच मातीत वाढलेल्या पोरांनी साता समुद्रापार जाऊन आवाजाची केवढी कदर केली ते कळेल. आणि मग हेडफोन काढून आपल्या गावच्या कमिटीच्या अध्यक्षाला फोन लावा. त्याला एकच विचारा, या वर्षी आवाज वाढवायला किती पैसे ठेवलेत आणि आवाज जपायला किती?

उत्तर काय मिळालं ते गावाच्या नावासकट खाली लिहा. मी यादी करतोय. पाच गावं जमली की राहुट्यांवर आपण सगळे मिळून जाऊ. तारीख इथंच कळवतो.